दारामागचे चार खिळे

मित्रांनो, दार ढकला. उघडेच आहे. शंभर वर्षांहून जास्त काळ झाला, त्याला कधी कुलूप लागलेले नाही. उंबऱ्यावर बुटांचा बर्फ झटका, चुलीजवळच्या बाकावर बसा आणि ऐका. मी हाउकी तळ्याच्या काठचे एक जुने ओंडक्यांचे घर आहे. माझ्या चार भिंतींत मिळून अठ्ठेचाळीस ओंडके आहेत. त्यांतले सत्तेचाळीस माझ्या जन्मापासूनचे. अठ्ठेचाळिसावा नवा आहे. तो नवा का आला, हे सांगायला फार वेळ लागणार नाही, पण सुरुवातीपासून सांगावे लागेल.

मला एल्यास नावाच्या सुताराने बांधले. बांधायच्या आधी चार वर्षे तो या रानात कुऱ्हाड घेऊन हिंडला आणि त्याने एकही झाड पाडले नाही. सरळ वाढलेले पाइन निवडायचे, बुंध्याची साल सोलायची, एक अरुंद पट्टी तेवढी ठेवायची, की झाला पुढे. पाइनला जखम झाली की ते राळ पाझरते. ती राळ वर्षावर्षाने लाकडात आतवर मुरते. राळ मुरलेल्या लाकडात पाणी सहजी शिरत नाही आणि बुरशीलाही ते आवडत नाही.

लाकूडतोडीचा मुकादम दर वर्षी येऊन विचारायचा, "एल्यास, झाडं सोलून ठेवलीस. घर कुठंय?"

"झाडातच आहे," एल्यास म्हणायचा. "अजून पिकलं नाही."

चौथ्या हिवाळ्यात झाडे पाडली. प्रत्येक ओंडक्याच्या पोटाला लांब खाच कोरली, म्हणजे तो खालच्या ओंडक्यावर घोड्यावर बसावे तसा बसतो. मधल्या फटीत दलदलीतले शेवाळ भरले. खिडकीच्या वर एल्यासने चार बोटांची फट सोडली, तेव्हा मुकादम पुन्हा हसला. पण ओंडके वाळतात, आक्रसतात आणि एकमेकांवर बसत जातात. पहिल्या पाच वर्षांत मी साडेतीन बोटे खाली बसले. एकही काच तडकली नाही. मुकादमाने नंतर फटीचा विषय काढला नाही.

माझे जोते दगडी आहे, गुडघाभर उंच. त्यात चार बाजूंना चार झरोके आहेत, प्रत्येक तळहाताएवढा. त्या झरोक्यांसाठी एल्यासने चार लाकडी बुचे तासली. पानगळ झाली की बुचे लावायची, म्हणजे फळ्यांखालून वारा शिरत नाही आणि आतल्या माणसांचे पाय गारठत नाहीत. वसंतात पहिला धोबी पक्षी शेपटी हलवत अंगणात आला की बुचे काढायची, म्हणजे मातीतली ओल वाऱ्याबरोबर बाहेर जाते. लाकूड ओले झाल्याने कुजत नाही, मित्रांनो. ओले राहिल्याने कुजते.

पहिली पन्नास वर्षे माझ्यात लाकूडतोडे राहिले. बावीस माणसे, दोन लांब लाकडी ओट्यांवर ओळीने झोपायची. ओल्या मोज्यांचा, तंबाखूचा, घोड्यांच्या खोगिरांचा वास माझ्या लाकडात अजून आहे. सगळ्यांवर राज्य होते हिल्मा नावाच्या स्वयंपाकिणीचे. ती उंचीने आमच्याकडच्या छातीभर उंच चुलीएवढी होती आणि तापायलाही चुलीइतकाच वेळ घ्यायची, पण एकदा तापली की दिवसभर.

"बूट बाहेर!" ती ओरडायची. "नाहीतर मटाराचं सूप खिडकीतून देईन. बर्फात उभं राहून प्या."

"हिल्मा, परवाचं सूप आणि आजचं सूप एकच आहे का गं?"

"परवाचं तुझ्या पोटात आहे. ते मला दिसत नाही, म्हणून सांगता येत नाही."

नंतर रानात रस्ते आले, यंत्रे आली. लाकूडतोडे संध्याकाळी गाडीत बसून आपापल्या घरी जाऊ लागले. हिल्माने शेवटचे भांडे घासून पालथे घातले, चूल पुसली आणि ती गेली. रानातली अशी बरीच घरे त्या काळात सरपण झाली. मी वाचले ते तौनोमुळे.

तौनो तरुणपणी त्या बावीस जणांपैकीच एक होता, खिडकीकडून तिसरा. गावाने मला वाटसरूंसाठी ठेवायचे ठरवले तेव्हा, "मी बघेन," एवढेच बोलून त्याने काम अंगावर घेतले. पुढे छप्पन्न... नाही, मोजून सांगते, सेहेचाळीस वर्षे त्याने मला बघितले. त्याने दारामागे एक पाटी लावली. तीवर तीनच ओळी होत्या. जाताना चुलीत कोरडी लाकडे रचून ठेवा. त्यांच्याखाली बर्च झाडाची साल आणि ढलप्या ठेवा. काडेपेटीतून तीन काड्या अर्ध्या बाहेर काढून ठेवा.

काड्या बाहेर का, ते ओइवा सांगू शकेल. ओइवाचे घर तळ्याच्या पलीकडे आहे. तिशीत असताना, एका एप्रिलमध्ये, तो बर्फाखालची जाळी काढायला आला आणि बर्फ त्याच्या पायाखाली फुटला. कसाबसा बाहेर निघाला आणि गुडघ्यांवर रांगत माझ्या दारापर्यंत आला. बोटे लाकडासारखी झाली होती. काडेपेटी उघडता येण्याची सोयच नव्हती. त्याने ती बाहेर आलेली काडी दातांत धरली, पेटी मनगटांमध्ये दाबली आणि मान हलवून काडी ओढली. दुसरी काडी पेटली. चूल रचलेली होती. ती कोणी रचली, हे त्याने नंतर वाटसरूंच्या नोंदवहीत पाहिले. आठवड्यापूर्वी शहरातली एक शिक्षिका दोन दिवस राहून गेली होती. तिने लिहिले होते, "तळे सुंदर. उंदीर एक. चूल रचली आहे." ओइवा त्या बाईंना कधी भेटला नाही.

तौनोची मुलगी राइली लहानपणी त्याच्याबरोबर यायची. ती दहा वर्षांची असताना तिने बापाला मागच्या टेकाडावर एका उभ्या झाडाची साल सोलताना पाहिले आणि ती रडली.

"बाबा, त्याला दुखतंय!"

"दुखतंय," तौनो म्हणाला. "म्हणून तर ते घट्ट होईल."

"कशाला पण?"

"लागलं तर असावं." तौनोची सगळी स्पष्टीकरणे एवढीच असायची.

म्हातारपणी त्याच्या पाठीचा कणा वाकला, पण वर्षातून दोनदा तो जोत्याभोवती गुडघ्यांवर फिरायचाच. एकदा बुचे लावायला, एकदा काढायला. पाटीवर त्याने ही गोष्ट लिहिली नाही, कारण ती वाटसरूंची नव्हती, त्याची होती. एका पानगळीत त्याने चारही बुचे लावली, वर शेवाळ दाबले, माझ्या भिंतीवर दोनदा थाप मारली आणि तो गेला. त्या हिवाळ्यात तो वारला.

वसंत आला. धोबी पक्षी आला. पायऱ्यांवर नाचला, शेपटी हलवली, उडून गेला. झरोके कोणी उघडले नाहीत.

दुसऱ्या वसंतातही नाही.

मजा अशी की त्याच वर्षांत माझे सर्वांत जास्त कौतुक झाले. गावच्या वारसा मंडळाने माझ्या भिंतीवर निळी पाटी ठोकली, "ऐतिहासिक वास्तू". रस्त्यापासून पायवाट आखली. शाळेच्या सहली आल्या, दूरदूरची माणसे आली, माझ्यापुढे उभे राहून त्यांनी फोटो काढले. आत आली की ती डोळे मिटून लांब श्वास घ्यायची. "अहाहा, काय हा जुन्या लाकडाचा वास!"

तो जुन्या लाकडाचा वास नव्हता. जुन्या लाकडाला राळेचा आणि धुराचा वास येतो. हा मातकट, गोडसर वास उत्तरेच्या भिंतीतल्या सर्वांत खालच्या ओंडक्याचा होता. राळ मुरलेले लाकूडही नऊ उन्हाळे ओलीत बसले की हार मानते. गोष्टीबाहेर मला बोलता येत नाही. मी जे करू शकत होते ते केले. उत्तरेकडच्या जमिनीच्या फळ्या खचू दिल्या, चुलीचे लोखंडी झाकण वाकडे बसू दिले, दार अडकू दिले.

"जुनं झालंय बिचारं," माणसे म्हणाली आणि दाराला खांदा देऊन आत आली.

नवव्या उन्हाळ्याच्या शेवटी एका पाहुणीचा पाय फळीतून घोट्यापर्यंत आत गेला. तिला फार लागले नाही, पण मंडळ जागे झाले. त्यांनी पिर्योला बोलावले. पिर्यो पन्नाशीची सुतारीण, जुन्या ओंडक्यांच्या घरांचेच काम करणारी. ती आली तेव्हा मंडळाचे अध्यक्ष, राइली आणि ओइवा अंगणात उभे होते. पिर्योने कोणाशी हात मिळवायच्या आधी कमरेची सुरी काढली आणि माझ्या खालच्या ओंडक्यात खुपसली. सुरी मुठीपर्यंत आत गेली. लोण्यात जावी तशी.

"हं," पिर्यो म्हणाली. मग पोटावर झोपून तिने जोत्यावरचे शेवाळ खरवडले, आणि तिच्या हाती बूच लागले. काळे, फुगलेले. तिने पक्कड लावून ते ओढून काढले. आतून थंड, शिळी हवा बाहेर आली.

"हे कोणी लावलं?"

"बाबांनी," राइली म्हणाली. ती आता पासष्टीची होती. "शेवटच्या पानगळीत."

"लावलं ते बरोबरच. काढलं कोणी नाही?"

राइलीने ओइवाकडे पाहिले. ओइवाने राइलीकडे पाहिले.

"मला वाटलं तू काढतोस," राइली म्हणाली. "तू पलीकडेच राहतोस. बाबा दवाखान्यात म्हणाले होते, काळजी नको, ओइवा आहे तिथे."

"मला म्हणाले, राइली बघेल." ओइवाने टोपी काढली आणि पुन्हा घातली. "तुझ्या बापाचं घर. मी कसा मध्ये पडू?"

"नऊ वर्षं आपण दर शनिवारी भेटतो, ओइवा."

"भेटतो."

"मग एकदा तरी विचारायचं!"

"विचारायचं म्हणजे तू केलं नाहीस असं म्हटल्यासारखं. तू का नाही विचारलंस?"

राइलीचेही कारण तेच होते. मित्रांनो, आमच्याकडची माणसे अशीच आहेत. दुसऱ्याच्या कामात नाक खुपसायचे नाही, त्याच्या शब्दावर शंका घ्यायची नाही. हा चांगला गुण आहे. त्याच गुणाने नऊ वर्षांत माझा ओंडका खाल्ला.

"झालं?" पिर्यो कपडे झटकत उठली. "आता दोघं मिळून रडा, नाहीतर मला कॉफी करून द्या. कॉफी बरी."

अध्यक्षांनी त्याच बैठकीत, माझ्याच बाकावर बसून, सांगायचे ते सांगितले. मंडळाने विचार केला होता. घर सोडवायचे, ओंडक्यांवर आकडे घालायचे आणि जमीन गोठली की वाहून गावातल्या संग्रहालयाच्या आवारात उभे करायचे. तिथे छप्पर असेल, राखणदार असेल.

"आणि चूल?" ओइवाने विचारले.

"चुलीपुढे दोरी असेल. आग पेटवता येणार नाही, विम्याची अट असते."

"दार?"

"संग्रहालय पाचला बंद होतं."

ओइवा खिडकीतून तळ्याकडे बघत राहिला. एप्रिलमध्ये बर्फात कोणी पडले तर ते गावातल्या संग्रहालयापर्यंत रांगत जाणार नव्हते. राइलीलाही ते ठाऊक होते.

"ओंडका बदलता येतो ना?" तिने पिर्योला विचारले.

"येतो. घराला नवे जोडे घालणं म्हणतो आम्ही त्याला. घर दोन बोटं उचलायचं, जुना काढायचा, नवा सरकवायचा. पण आठ मीटरचा, दाट रेषांचा, कोरडा, राळ मुरलेला ओंडका लागेल. हल्लीची लागवडीची झाडं कोबीसारखी भसाभस वाढतात. ती घातली तर पंधरा वर्षांनी मला पुन्हा बोलवाल, आणि तेव्हा माझे गुडघे गेलेले असतील."

"बर्फ पडेपर्यंत असा ओंडका मिळाला तर घर इथेच राहील," अध्यक्ष म्हणाले. ते वाईट नव्हते. त्यांनाही मी हवेच होते, फक्त सुरक्षित. "नाही मिळाला तर हलवू."

सप्टेंबर गेला. पिर्योने चार गावांत, दोन लाकूडवखारींत चौकशी केली. मिळाला नाही. ऑक्टोबरात राइली एकटीच आली. काही करण्यासारखे नव्हते, म्हणून तिने चूल पेटवली, ती विझली तेव्हा राख काढली, नवी लाकडे रचली, तीन काड्या अर्ध्या बाहेर काढल्या. मग ढलप्यांसाठी हातात घेतलेल्या पाइनच्या फांदीची साल ती सोलू लागली आणि तिचा हात थांबला.

ती उठली आणि कोट न घालताच मागच्या टेकाडाकडे चालू लागली.

मी तिथपर्यंत पाहू शकत नाही, पण ऐकू शकते. खूप वेळ काहीच ऐकू आले नाही. मग तिची हाक आली, तळ्याच्या पलीकडे जाईल इतकी मोठी. राइलीला इतक्या मोठ्याने ओरडताना मी पूर्वी ऐकले नव्हते.

"ओइवा! होडी काढ! आणि पिर्योला फोन कर!"

ते झाड उभ्या उभ्या केव्हाच मेले होते. साल गळून गेलेली, अंग रुपेरी, फांद्या शिंगांसारख्या. खाली, माणसाच्या उंचीपर्यंत, तौनोच्या सुरीच्या खुणा राळेत बुडून पिवळ्या झाल्या होत्या. पिर्यो दुसऱ्या दिवशी आली. तिने कुऱ्हाडीची पाठ बुंध्यावर आपटली. घंटेसारखा आवाज आला. तो आवाज मला ओळखीचा होता. एल्यासने मलाही तसेच वाजवून पाहिले होते.

"हे कोणी केलं?" पिर्योने विचारले. तिचा आवाज पहिल्यांदाच हळू होता.

"बाबांनी. मी दहा वर्षांची होते. मी रडले होते."

"सांगितलं नाही त्यांनी कोणाला?"

"म्हणाले, लागलं तर असावं."

"तुमच्या घरात," पिर्यो म्हणाली, "आणखी दोन शब्द बोलायची पद्धत असती तर माझं अर्धं काम वाचलं असतं."

ओइवाने आपल्या ट्रॅक्टरने ओंडका आणला. पिर्योने माझ्याखाली सहा जॅक बसवले आणि सगळ्यांना बजावले, "घर उचलताना कोणी बोलायचं नाही. मला लाकूड काय म्हणतं ते ऐकायचंय. बोलायचंच असेल त्याने तळ्यावर जाऊन माशांशी बोलावं." मग एकेका जॅकला पाव फेरा. मी करकरले. शंभर वर्षांत माझे वजन पहिल्यांदाच जमिनीवरून उचलले गेले. जुना ओंडका त्यांनी बाहेर काढला तेव्हा तो हातात आला नाही, ओंजळीत आला. राइलीने दलदलीतून दोन पोती शेवाळ आणले आणि स्वतःच्या हातांनी खाचेत दाबले. नवा ओंडका सरकला, पाव पाव फेऱ्याने मी खाली आले आणि त्यावर बसले. पिर्योने सुरी काढून नव्या लाकडात खुपसली. सुरी टोकभरही गेली नाही.

तिसऱ्या दिवशी बर्फ पडला. अध्यक्ष आले, वाकून पाहिले, ओंडक्यावर बोटाने टकटक केले आणि म्हणाले, "मग संग्रहालयाला मी कळवतो." झरोक्यांना पिर्योने तासलेली नवी बुचे लागली.

वसंतात एका सकाळी धोबी पक्षी आला. राइली पायवाटेने आली. जोत्याभोवती वळली, तर दक्षिणेच्या बाजूला ओइवा गुडघ्यांवर बसलेला, हातात बूच.

"तू कशाला आलास?"

"तू विसरशील म्हणून."

"मी? मी सकाळी सहाला निघाले!"

"मी पाचला. पण होडी गळते." ओइवाने बूच तिच्या हातात ठेवले. "हे एक काढलंय. विचारणारच होतो तुला."

"मग विचार."

"राइली," ओइवा घसा साफ करून म्हणाला, "बुचं काढलीस का?"

"नाही. तू?"

"एक."

मग दोघांनी मिळून उरलेली तीन काढली. राइलीने ती आत आणली, दारामागे, तौनोच्या पाटीखाली, चार खिळे ठोकले आणि एकेका खिळ्यावर एकेक बूच टांगले. पाटीवर तिने चौथी ओळ लिहिली. ती ओळ मी तुम्हाला पाठ म्हणून दाखवते, कारण तेवढ्यासाठीच मी इतका वेळ बोलले. उन्हाळ्यात चार बुचे खिळ्यांवर असावीत, हिवाळ्यात चार खिळे रिकामे असावेत. तसे नसेल, तर बाहेर जाऊन करून या.

बघा, मित्रांनो, तुमच्या मागेच आहेत ते. बाहेर बर्फ आहे आणि चारही खिळे रिकामे आहेत. सगळे ठीक आहे. आता निघाल तेव्हा चूल रचा, तीन काड्या अर्ध्या बाहेर काढा. आणि तुमच्या गावात माझ्यासारखे एखादे जुने घर असेल, विहीर असेल, नाहीतर झाड असेल, तर त्याचे कोणी बघते का, हे शेजाऱ्याला विचारा. त्याला राग आला तरी चालेल. मला विचारता येत नाही. तुम्हाला येते.